अस्तराची तपासणी आणि पिशवीचा फैसला

पाळी जाऊन पाच-सात वर्षे लोटल्यावर एखाद्या बाईच्या अंगावरून पुन्हा लाल जाऊ लागले, तर त्यापुढे आपल्याकडे बहुधा दोहोंपैकी एक गोष्ट घडते. एक तर ती कोणाला काही सांगत नाही. सुनेला सांगावयास संकोच, मुलाला सांगावयास त्याहून अधिक, आणि ‘उष्णता झाली असेल’ अशी स्वतःची समजूत घालून दुखणे अंगावर काढण्यात तिचे वर्ष निघून जाते. नाही तर ती दवाखान्यात जाते, सोनोग्राफीच्या कागदावर गर्भाशयाचे अस्तर जाड असल्याची एक ओळ उमटते, आणि त्या एका ओळीच्या बळावर ‘मावशी, आता पिशवीचा काय उपयोग, काढून टाकू’ असा फैसला तिच्या देखत, परंतु तिला फारसे काही समजावून दिल्यावाचून, होऊन जातो. पहिल्या प्रकारात हयगय आहे, दुसऱ्यात घाई आहे. पण दोहोंच्या मुळाशी असलेली कसूर एकच, की अस्तराचा लहानसा तुकडा काढून तो सूक्ष्मदर्शकाखाली पाहण्याचे जे काम मध्ये व्हावयास हवे होते, ते झालेलेच नसते. पुढील सर्व इलाजाची भिस्त या एका कामावर असल्यामुळे त्याचा तपशील स्त्रियांना आणि त्यांच्या घरच्या माणसांना ठाऊक असणे मला अत्यंत अगत्याचे वाटते.

गर्भाशयाचे अस्तर दरमहा वाढते, गळून पडते आणि मुळाशी शिल्लक राहिलेल्या पातळ थरातून पुन्हा उगवते. पाळीचक्राच्या पूर्वार्धात ईस्ट्रोजेनचा अंमल असतो व त्याच्या हुकमाने अस्तरातील ग्रंथींच्या पेशी विभागत राहतात. बीज सुटल्यानंतर बीजकोशातून प्रोजेस्टेरॉन स्रवू लागते, ते या वाढीला आळा घालते, ग्रंथींना परिपक्व करते, आणि गर्भ राहिला नाही म्हणजे दोन्ही संप्रेरके ओसरून अस्तर पाळीच्या रूपाने बाहेर पडते. परंतु ज्या महिन्यात बीज सुटत नाही त्या महिन्यात प्रोजेस्टेरॉनही निर्माण होत नाही, आणि असे महिन्यामागून महिने होत गेले, की वाढीचा हुकूम देणारा हजर आणि थांबविणारा गैरहजर, अशी स्थिती अस्तरात कायम होऊन बसते. ‘पीसीओडी’ असलेल्या आणि तीन-तीन महिने पाळी न येणाऱ्या तरुण मुलींत हे घडते, तसेच पाळी जाण्याच्या सुमारास चाळिशी-पन्नाशीतल्या स्त्रियांतही घडते. पाळी गेल्यावर बीजकोश शांत झाले तरी चरबीच्या पेशी इतर संप्रेरकांपासून ईस्ट्रोजेन तयार करीत राहतात. त्यामुळे स्थूल स्त्रीचे अस्तर उतारवयातही उत्तेजित राहू शकते. मधुमेह, आणि स्तनाच्या कर्करोगानंतर दिले जाणारे टॅमॉक्सिफेन, यांचीही नोंद येथे केली पाहिजे. टॅमॉक्सिफेन स्तनात ईस्ट्रोजेनला विरोध करते, पण पाळी गेलेल्या स्त्रीच्या गर्भाशयात मात्र काही अंशी त्याच्याच बाजूने वागते. म्हणून ते औषध घेणाऱ्या स्त्रीने अंगावरून थोडेसे जरी गेले तरी डॉक्टरांना सांगावे. औषध मात्र परस्पर बंद करू नये.

एकट्या ईस्ट्रोजेनचा हा परिणाम केवळ तर्काने नव्हे, तर एका मोठ्या आणि दुःखद अनुभवाने सिद्ध झाला. अमेरिकेत 1960 च्या दशकात पाळी गेलेल्या असंख्य स्त्रियांना तारुण्य टिकविण्याच्या आशेने निव्वळ ईस्ट्रोजेनच्या गोळ्या देण्यात येत होत्या. 1975 च्या डिसेंबरात ‘न्यू इंग्लंड जर्नल ऑफ मेडिसिन’मध्ये सिअ‍ॅटल आणि लॉस एंजेलिस येथील दोन स्वतंत्र अभ्यास एकत्रच प्रसिद्ध झाले, आणि अशा गोळ्या घेणाऱ्या स्त्रियांत गर्भाशयाच्या अस्तराच्या कर्करोगाचा धोका एकात सुमारे साडेचार पट, तर दुसऱ्यात सुमारे साडेसात पट असल्याचे उघडकीस आले. गोळ्यांचा खप घटला, आणि पाठोपाठ त्या कर्करोगाचे प्रमाणही खाली आले. पुढे 1996 मध्ये जाहीर झालेल्या ‘पेपी’ या चाचणीत, तीन वर्षे केवळ ईस्ट्रोजेन घेतलेल्या व गर्भाशय शाबूत असलेल्या स्त्रियांपैकी 62 टक्के स्त्रियांच्या अस्तरात कमीअधिक अतिवृद्धी, म्हणजे ग्रंथींची बेसुमार वाढ, आढळली. ज्यांना प्रोजेस्टेरॉनवर्गीय औषधाची जोड दिली होती, त्यांच्यात मात्र तिचे प्रमाण काहीच औषध न घेणाऱ्यांइतके अल्प राहिले. रोगाचे कारण आणि त्यावरचा उतारा एकाच प्रयोगात इतक्या स्वच्छपणे दिसावा, असे वैद्यकात क्वचितच घडते.

आता तपासणीकडे वळू. योनीमार्गे केलेली सोनोग्राफी अस्तराची जाडी सांगते, अस्तराचा स्वभाव सांगत नाही. पाळी गेल्यानंतर रक्तस्राव झालेल्या स्त्रीत ही जाडी 4 मिलिमीटर किंवा त्याहून कमी असली, तर कर्करोगाचा संभव फार थोडा असतो; तरीही स्राव पुन्हा पुन्हा होत राहिला, तर जाडी कमी असूनही तुकडा तपासावा लागतो. पाळी चालू असलेल्या स्त्रीला हा 4 मिलिमीटरचा दंडक मुळीच लागू होत नाही, कारण निरोगी अस्तरसुद्धा महिन्याच्या उत्तरार्धात त्याच्या तिप्पट-चौपट जाड होते. ज्या बाईला कसलाही स्राव नाही आणि पोटाच्या दुसऱ्याच तक्रारीसाठी केलेल्या सोनोग्राफीत 6 मिलिमीटरचा आकडा सहज निघाला, तिलाही केवळ त्या आकड्यावरून शस्त्रक्रियेच्या मेजावर नेण्याचे कारण नाही, हे मी मुद्दाम आग्रहाने सांगतो.

तुकडा घेण्यासाठी आज ‘पिपेल’ नावाची सुमारे 3 मिलिमीटर व्यासाची लवचीक प्लॅस्टिकची नळी वापरतात. ती गर्भाशयाच्या तोंडातून आत सरकवून आतला दट्ट्या मागे ओढला, की निर्माण होणाऱ्या पोकळीत अस्तराचे धागे ओढले जातात. पाळीच्या कळांसारख्या कळा काही मिनिटे येतात, बहुधा भूल लागत नाही, आणि बाई त्याच दिवशी आपल्या पायांनी घरी जाते. मात्र हे काम न पाहता केलेले असते, आणि जुन्या पद्धतीचे क्युरेटिंगही त्याला अपवाद नाही. 1975 मधील एका अभ्यासात, गर्भाशय काढण्यापूर्वी ज्यांचे क्युरेटिंग झाले होते अशांपैकी 60 टक्के स्त्रियांत अर्ध्याहून कमी पोकळी खरवडली गेल्याचे दिसले होते. म्हणून अहवाल निर्दोष येऊनही रक्तस्राव थांबला नाही, किंवा आत मोड (पॉलिप) असल्याची शंका असली, तर दुर्बिणीतून प्रत्यक्ष पाहून तुकडा घेणे हाच खात्रीचा मार्ग होय.

तुकडा फॉर्मालिनच्या बाटलीतून प्रयोगशाळेत जातो. तेथे त्यातील पाणी काढून तो मेणाच्या ठोकळ्यात बसवितात, त्या ठोकळ्याचे मिलिमीटरच्या दोनशेव्या भागाइतके पातळ काप काढतात आणि काचपट्टीवर त्यांना रंग देतात. पेशींची केंद्रके जांभळी-निळी दिसू लागतात आणि भोवतालचा भाग गुलाबी. निरोगी अस्तरात ग्रंथींच्या नळ्या परस्परांपासून अंतर राखून असतात व मध्ये आधारपेशींची ऐसपैस जागा असते. अतिवृद्धीत, विरळणी न केलेल्या वाफ्यातील रोपांप्रमाणे, ग्रंथींची दाटी होते; त्यांना फाटे फुटतात, आकार वेडेवाकडे होतात, मधली जागा आक्रसते. पण निर्णायक गोष्ट दाटी ही नव्हे. पॅथॉलॉजिस्ट भिंग वाढवून पाहतो ते पेशींच्या केंद्रकांकडे: एरवी लांबट आणि एका ओळीत शिस्तीने उभी असणारी केंद्रके गोल व फुगीर झाली आहेत काय, ओळ मोडली आहे काय, त्यांच्या आत ठळक ठिपके दिसू लागले आहेत काय. या विकृतीस ‘ॲटिपिया’ म्हणतात, आणि अहवालात हा शब्द आहे की नाही, यावरच सारा निवाडा अवलंबून असतो.

असे का, हे कुर्मन, कामिन्स्की आणि नॉरिस या तीन अमेरिकी संशोधकांनी 1985 मध्ये 170 स्त्रियांच्या नोंदी तपासून दाखविले. ॲटिपिया नसलेल्या साध्या अतिवृद्धीतून कर्करोगाकडे गेलेल्यांचे प्रमाण 1 टक्का होते, दाटीच्या अतिवृद्धीत 3 टक्के. ॲटिपियासह मात्र हेच आकडे 8 आणि 29 टक्क्यांवर गेले. जागतिक आरोग्य संघटनेने 2014 मध्ये जुने चार वर्ग मोडून ‘ॲटिपियाविना’ आणि ‘ॲटिपियासह’ असे दोनच ठेवले, ते या अनुभवास धरूनच.

ॲटिपियाविना अतिवृद्धी झालेल्या स्त्रीला घाबरविण्याचे काहीच प्रयोजन नाही. ब्रिटिश स्त्रीरोगतज्ज्ञांच्या 2016 च्या मार्गदर्शिकेनुसार तिचे 20 वर्षांत कर्करोगात रूपांतर होण्याची शक्यता 5 टक्क्यांहूनही कमी असते. उपचार म्हणजे जे प्रोजेस्टेरॉन उणे पडले ते पुरविणे, आणि ते पुरविण्याची उत्तम रीत म्हणजे लेव्होनॉर्जेस्ट्रेल झिरपविणारी तांबी, जिला आपल्याकडे ‘मिरेना’ या नावाने बहुतेक डॉक्टर ओळखतात. ती औषध थेट अस्तरावरच पोचविते. नॉर्वेतील, 2014 मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका चाचणीत सहा महिन्यांनंतर ही तांबी बसविलेल्या सर्व स्त्रियांचे अस्तर पूर्ववत झाले. अखंड गोळ्या घेणाऱ्यांत 96 टक्क्यांचे, तर महिन्यातून दहा दिवस गोळ्या घेणाऱ्यांत अवघ्या 69 टक्क्यांचे. गौरी-गणपतीत पाळी पुढे ढकलण्यासाठी आपल्या घराघरांतून घेतली जाणारी नॉरेथिस्टेरॉनची गोळी याच वर्गातली आहे. परंतु चार दिवसांची ती परस्पर घेतलेली गोळी आणि महिनोन्‌महिने देखरेखीखाली चालणारा हा उपचार यांत गल्लत होता कामा नये. सहा महिन्यांनी पुन्हा तुकडा तपासावयाचा, आणि सहा-सहा महिन्यांच्या अंतराने निदान दोन अहवाल लागोपाठ स्वच्छ आले, की मगच बाईला निर्धास्त म्हणावयाचे.

आणि येथेच आपल्या महाराष्ट्राचे एक दुःख सांगितल्यावाचून पुढे जाता येत नाही. बीड जिल्ह्यातील ऊसतोड कामगार स्त्रियांच्या गर्भाशय-शस्त्रक्रियांचा प्रश्न 2019 मध्ये ऐरणीवर आला. आमदार नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली शासनाने समिती नेमली, आणि पाहणी झालेल्या 82 हजारांवर स्त्रियांपैकी 13 हजारांहून अधिक जणींची पिशवी काढलेली असल्याचे निष्पन्न झाले. पांढरे जाणे, कंबर दुखणे, पाळीत जास्त जाणे, अशा तक्रारींवर ‘पुढे कॅन्सर होईल’ असे भय घालून तिशीतल्या बायांच्या पिशव्या काढल्या गेल्या, आणि एक खाडा पडला तर मुकादम उचलीतून पैसे कापतो, या विवंचनेने त्या बायांनीही होकार दिला. सर्वोच्च न्यायालयाने 2023 मध्ये अनावश्यक गर्भाशय-शस्त्रक्रियांस आळा घालण्यासाठी केंद्राची मार्गदर्शक तत्त्वे अमलात आणण्याचा आदेश सर्व राज्यांना दिला आहे. ज्या भयाचा हवाला देऊन हे घडले, त्या भयाची खातरजमा एका पातळ नळीने होऊ शकत होती, हे आठवले म्हणजे मन विषण्ण होते.

ॲटिपियासह अतिवृद्धीची गोष्ट मात्र निराळी. तेथे गर्भाशय काढण्याचा सल्ला रास्त असतो आणि तो टाळण्यात शहाणपण नसते. अमेरिकेतील गायनेकॉलॉजिक ऑन्कॉलॉजी ग्रुपने 2006 मध्ये जाहीर केलेल्या अभ्यासात, तुकड्यात केवळ ॲटिपिया दिसलेल्या 289 स्त्रियांचे गर्भाशय काढून तपासले, तेव्हा सुमारे 43 टक्के जणींत कर्करोग अगोदरच असल्याचे आढळले. त्याच अभ्यासातील काचपट्ट्या अनुभवी पॅथॉलॉजिस्टांच्या मंडळाने पुन्हा पाहिल्या, तेव्हा चौथ्या भागाहून अधिक ठिकाणी मूळ निदानापेक्षा सौम्य स्थिती, आणि जवळजवळ तितक्याच ठिकाणी प्रत्यक्ष कर्करोग, असा निर्वाळा मिळाला. म्हणून असा अहवाल हाती आला, की प्रयोगशाळेतून काचपट्ट्या आणि मेणाचा ब्लॉक मागून घेऊन दुसऱ्या जाणत्या पॅथॉलॉजिस्टचे मत घ्यावे. ते मागणे म्हणजे पहिल्यावर अविश्वास दाखविणे नव्हे, आणि चांगले डॉक्टर तसे मानीतही नाहीत. पाळी गेलेल्या स्त्रीत गर्भाशयाबरोबर बीजकोश व बीजनलिकाही काढतात. तरुण स्त्रीत बीजकोशांचा निर्णय, हाडांचा आणि हृदयाचा विचार करून, तिच्याशी बोलून स्वतंत्रपणे घ्यावयाचा असतो.

जिला अजून मूल व्हावयाचे आहे अशा तरुण स्त्रीपुढे दुसरी वाट आहे, पण ती कडक पहाऱ्याची आहे. आधी एमआरआय वगैरे करून आत कर्करोग दडलेला नाही याची शक्य तितकी खात्री करावी लागते. मग तांबी बसवून दर तीन महिन्यांनी तुकडा तपासतात, आणि अस्तर पूर्ववत झाल्याचा अहवाल आल्याखेरीज गर्भधारणेस अनुमती देत नाहीत. वजन उतरविणे हा या उपचाराचाच भाग असतो. अस्तर सुधारल्यावर वंध्यत्वतज्ज्ञाची मदत लगेच घ्यावी, नुसती वाट पाहण्यात काळ दवडू नये. आणि बाळंतपण पार पडून पुढे मूल नको असे ठरले, म्हणजे जी शस्त्रक्रिया लांबणीवर टाकली होती ती करून घेण्याचा सल्ला डॉक्टर देतात, कारण सुधारलेल्या अस्तरातही हा विकार पुन्हा डोके वर काढण्याचे प्रमाण बरेच आहे.