इंजिनाच्या अंगावर लिहिलेलं माप

दप्तरातून फूटपट्टी काढा आणि शेजारच्याची एक उसनी घ्या. दोन्ही फरशीवर टोकाला टोक लावून ठेवा आणि 12 इंचांच्या खुणेपासून पुढचे 12 इंच मोजा. दोन्ही मिळून झाले 610 मिलिमीटर. एवढ्याशा अंतरात मांडलेल्या दोन रुळांवरून माथेरानची गाडी 1907 पासून डोंगर चढते आहे! (हा प्रयोग घरातच करायचा हं. फूटपट्टी घेऊन कुणी रुळांत उतरलं तर मला तुमच्या आईला तोंड द्यावं लागेल.)

दोन रुळांमधल्या या अंतराला म्हणतात गेज. ते मोजतात रुळांच्या आतल्या कडांपासून. का बरं? रेल्वेच्या चाकाला आतल्या बाजूने एक उभी कड असते. ती रुळाच्या आत अडकून राहते, म्हणून गाडी घसरत नाही. चाकाचा सगळा संबंध आतल्या कडेशी, म्हणून मापही तिथूनच.

नेरळला गेलात तर एक गंमत बघा. एकाच स्टेशनात दोन मापं आहेत. कर्जतची लोकल 1676 मिलिमीटरच्या रुळांवरून धडधडत येते. ते ब्रॉडगेज. पलीकडे माथेरानची पिटुकली गाडी उभी असते. ते नॅरोगेज. आता इंजिनांच्या अंगावरची अक्षरं वाचा. लांब पल्ल्याच्या गाडीला ‘डब्ल्यूएपी-7’ असं इंजिन असेल, तर माथेरानच्या गाडीला ‘एनडीएम-6’. ही नावं म्हणजे एक गुप्त लिपीच आहे, आणि ती उलगडायला अगदी सोपी.

पहिलं अक्षर गेजचं. ‘डब्ल्यू’ म्हणजे ब्रॉड, ‘वाय’ म्हणजे मीटरगेज. दुसरं अक्षर इंजिन कशावर चालतं ते सांगतं: ‘डी’ डिझेल, ‘ए’ एसी वीज. तिसरं काम सांगतं: ‘पी’ प्रवासी, ‘जी’ माल, ‘एम’ दोन्ही. शेवटचा आकडा म्हणजे त्या जातीचा कितवा नमुना. तर मग एनडीएम-6 म्हणजे काय, ते तुम्हीच सांगा पाहू!

‘एन’ म्हणजे नॅरो, हे ओळखलंत ना? पण थांबा. नॅरोगेजला आपल्या रेल्वेने एक नाही, दोन अक्षरं दिली आहेत. दोन फुटांवाली ‘एन’, आणि अडीच फुटांवाली, म्हणजे 762 मिलिमीटरवाली, ‘झेड’. माथेरान आणि दार्जिलिंग ‘एन’च्या घरातली, कालका-सिमला ‘झेड’च्या. आपण सगळ्यांनाच ‘छोटी गाडी’ म्हणून मोकळे होतो, पण एका घरातलं इंजिन दुसऱ्या घरच्या रुळांवर उभंसुद्धा राहू शकत नाही.

‘झेड’च्या घरात आपली बार्शी लाईटही होती. लाईट म्हणजे दिवा नव्हे, हलकी! एव्हरार्ड कॅलथ्रॉप नावाच्या इंग्रज इंजिनिअरने ती बांधली आणि 1897 मध्ये ती सुरू झाली. त्याचा हिशोब झकास होता. चाकांच्या जोडीला धरणाऱ्या कुठल्याही आसावर 5 टनांपेक्षा जास्त भार द्यायचा नाही. वजन वाढलं तर आस वाढवायचे. भार असा वाटला गेला, की हलके, स्वस्त रूळही पुरतात. (याच कॅलथ्रॉपने पुढे पॅराशूटही बनवलं. हलकं करण्याचा नादच होता त्याला!) आता तो मार्ग ब्रॉडगेज झाला आहे. मूर्तिजापूरहून अचलपूर आणि यवतमाळला जाणारी गाडीही ‘झेड’चीच होती. कागदावर ‘झेड’, पण वऱ्हाडातल्या लोकांनी तिचं नाव ठेवलं शकुंतला.

डोंगरात अरुंद रूळच का, ते बघायला एक लांब काठी आणि एक मित्र लागेल. दोघांनी काठीची दोन टोकं धरा आणि वळा. आतला जागच्या जागी पावलं टाकतो, बाहेरच्याला पळावं लागतं. चाकांचंही तसंच. दोन्ही चाकं एकाच आसाला घट्ट बसवलेली, म्हणजे बरोबरीनेच फिरणार. पण गाडी अर्धं वर्तुळ वळली, की बाहेरचा रूळ आतल्यापेक्षा लांब भरतो. ब्रॉडगेजवर जवळजवळ सव्वापाच मीटरने, माथेरानच्या गाडीला जेमतेम दोन मीटरने. चाकांना दिलेल्या उतरत्या आकारामुळे थोडा फरक भरून निघतो, सगळा नाही. काठी जितकी आखूड, तितकी ओढाताण कमी. शिवाय अरुंद गाडीसाठी डोंगरही कमी कापावा लागतो.

आता खरा घोळ. जगात 1435 मिलिमीटरला ‘स्टँडर्ड’ म्हणतात आणि त्याहून कमी ते सगळं नॅरो. म्हणजे आपलं मीटरगेज बाहेरच्या जगात नॅरोच! जपानमधल्या बहुतेक जुन्या गाड्या 1067 मिलिमीटरच्या रुळांवर धावतात, म्हणजे त्याही नॅरो. तिथल्या सुसाट शिंकानसेन गाड्यांसाठी मात्र 1435चे वेगळे रूळ टाकले.

आणि घाटकोपर? तिथे खाली लोकल 1676वर धावते, आणि जिना चढून वर गेलं की चकचकीत मेट्रो, 1435वर. म्हणजे नवी कोरी मेट्रो जुन्या लोकलपेक्षा चोवीस सेंटिमीटरने अरुंद रुळांवर उभी असते, आणि तरी तिला नॅरो म्हणायची कुणाची टाप नाही.