सुटकेनंतरचे सहा महिने

जालन्याच्या एमआयडीसीतल्या एखाद्या रोलिंग मिलमध्ये थोडा वेळ उभं राहून बघा. भट्टीतून निघालेला लालभडक बिलेट रोलच्या पहिल्या जोडीत शिरतो, पुढच्या जोडीत आणखी बारीक होतो आणि शेवटी लांबच लांब सळई होऊन बाहेर पडतो. आपली नजर त्या आगीवरून हलत नाही. कारखाना निरीक्षक मात्र भलतीकडेच बघत असतो. मोटरची ताकद रोलपर्यंत नेणारा दांडा गरगर फिरतोय, त्यावर जाळी आहे का? कारखाने अधिनियम, १९४८ मधलं कलम २१ याच जाळीसाठी होतं. यंत्राचे धोकादायक फिरते भाग झाकलेले हवेत, आणि यंत्र चालू आहे तोवर ते झाकण जागेवर हवं.

समजा, दुरुस्तीसाठी काढलेली जाळी भिंतीला टेकवून ठेवलेली आहे, आणि त्या दांड्यात एका कामगाराचा हात गेला. निरीक्षकाने पंचनामा केला, खटला भरला. काही वर्षांनी न्यायदंडाधिकाऱ्यांनी निकाल दिला: आरोपी निर्दोष. प्रकरण संपलं, असंच कुणालाही वाटेल.

अमेरिकेत ते खरंच संपलं असतं. तिथे एकदा निर्दोष ठरलेल्या माणसाविरुद्ध सरकारला अपील करता येत नाही. आपल्याकडेही १८६१ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत अशा अपिलाला मनाई होती. मग १८७२ ची नवी संहिता आली आणि सुटकेविरुद्ध अपील करण्याचा अधिकार सरकारला मिळाला. तारखा जरा शेजारी ठेवून पाहा. हिंदुस्थानातला पहिला फॅक्टरी कायदा १८८१ चा. नारायण मेघाजी लोखंडे यांनी मुंबईत गिरणी कामगारांची संघटना उभी केली १८८४ मध्ये. म्हणजे यंत्रापुढे उभ्या असलेल्या माणसासाठी कायदा होण्याच्या नऊ वर्षं आधीच अपिलाचं हे दार कायद्यात येऊन बसलं होतं. ते कारखान्यांच्या खटल्यांसाठी केलेलं नव्हतं, पण या खटल्यांना ते आयतं मिळालं.

आता खरी गंमत पुढे आहे. या दारातून जायचं कसं, हे मूळ फिर्यादीवर सही कुणाची होती त्यावरून ठरतं.

चोरी-मारामारीचा खटला पोलीस उभा करतात. कारखाने अधिनियमातला गुन्हा तसा चालत नव्हता. कलम १०५ म्हणत होतं, निरीक्षकाने स्वतः फिर्याद केली किंवा त्याने आधी लेखी मंजुरी दिली, तरच न्यायालय दखल घेईल. त्यालाही कलम १०६ ची मुदत होती: गुन्हा निरीक्षकाच्या लक्षात आल्यापासून तीन महिने. म्हणून हा ‘फिर्यादीवरचा खटला’ ठरतो, आणि शासनाच्या औद्योगिक सुरक्षा व आरोग्य संचालनालयाचा हा अधिकारी कायद्याच्या भाषेत साधा फिर्यादी होतो.

फिर्यादीवरच्या खटल्यात आरोपी सुटला, तर फिर्यादीला आधी उच्च न्यायालयाकडे अपिलाची विशेष परवानगी मागावी लागते. खासगी फिर्यादी असेल तर त्यासाठी साठ दिवस, फिर्यादी लोकसेवक असेल तर सहा महिने. १९७३ च्या संहितेत हे कलम ३७८ होतं, १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत ते कलम ४१९ आहे. सरकार स्वतः थेट अपील करू शकत नाही का, हा वाद बरीच वर्षं चालला. भेसळीच्या एका खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये तो मिटवला: खटला फिर्यादीवरचा असेल, तर फिर्यादी खासगी माणूस असो वा सरकारी अधिकारी, वाट हीच. जालन्याच्या निरीक्षकाला म्हणून साठेक किलोमीटरवर, छत्रपती संभाजीनगरच्या खंडपीठात जावं लागतं. परवानगी नाकारली गेली, तर त्याच सुटकेविरुद्ध राज्य सरकारलाही मग अपील करता येत नाही. मला हे कलम फार कडक वाटतं, आणि तरी योग्य वाटतं. सरकारपाशी वकील असतात, पैसा असतो. समोरच्या माणसाच्या मानेवर खटला किती वर्षं ठेवायचा, याला कुठेतरी हद्द हवीच.

परवानगी मिळाली तरी पुढचा चढ सोपा नाही. प्रिव्ही कौन्सिलने १९३४ मध्येच सांगून ठेवलं आहे की उच्च न्यायालय सगळा पुरावा नव्याने तपासू शकतं, पण निर्दोष ठरलेल्या माणसाच्या बाजूचं गृहीतक सुटकेने दुबळं होत नाही. सर्वोच्च न्यायालयाने २००७ मध्ये ते आणखी स्पष्ट केलं: पुराव्यातून दोन वाजवी मतं निघत असतील, तर खालच्या न्यायालयाने केलेली सुटका तशीच राहू द्यायची.

तरीही सरकार जिंकतं. गुजरातमधल्या एका कारखान्यात ठरल्या वेळेबाहेर कामगार काम करताना सापडले होते. व्यवस्थापक सुटला. सरकार ते प्रकरण थेट सर्वोच्च न्यायालयापर्यंत घेऊन गेलं, आणि १९६४ मध्ये ती सुटका रद्द झाली. कामाच्या तासांसाठी एवढी पायपीट! मला त्या अनाम सरकारी फाइलीचं आजही कौतुक वाटतं.

कारखान्यांचा कायदाही आता बदलला आहे. २१ नोव्हेंबर २०२५ पासून १९४८ च्या अधिनियमाची जागा व्यावसायिक सुरक्षा, आरोग्य व कार्यस्थितीच्या नव्या संहितेने घेतली. तिच्यात कामगाराचा जीव गेला किंवा त्याला गंभीर इजा झाली, तर दंडातली निदान निम्मी रक्कम त्याला किंवा वारसांना द्यायला न्यायालय सांगू शकतं.

आणि ज्याचा हात त्या दांड्यात गेला, तो? २००९ च्या अखेरीस फौजदारी प्रक्रिया संहितेत एक छोटं परंतुक आलं. गुन्ह्यामुळे ज्याला इजा झाली, त्या पीडितालाही सुटकेविरुद्ध अपील करता येतं, आणि तेही आरोपीला शिक्षा झाली असती तर त्याने जिथे केलं असतं तिथेच. दंडाधिकाऱ्यांच्या निकालावर ते सत्र न्यायालय. विशेष परवानगी लागत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये सांगितलं. फिर्यादीवरच्या खटल्यातही पीडिताला हीच वाट खुली आहे, हे २०२५ मध्ये. निरीक्षकाला खंडपीठापुढे परवानगीसाठी उभं राहावं लागतं. बोटं गमावलेला कामगार मात्र आपला अर्ज घेऊन जालन्यातल्याच सत्र न्यायालयाची पायरी चढू शकतो.