‘मुफ्ती’त आलेला साहेब

‘साहेब मुफ्तीत आला’ असं वाक्य इंग्रजी गोष्टीत भेटलं की आपल्या घरातली मुलं हमखास फसतात. त्यांच्या डोळ्यांसमोर फतवा देणारे आलिम येतात. इंग्रजीत मात्र मुफ्ती म्हणजे गणवेशाऐवजी घातलेले साधे कपडे. शब्द अरबीच, फौजेत जाऊन अर्थ बदलला.

‘कुशी’चंही तसंच. आवाजावरून मुलं ‘कुशन’कडे, म्हणजे गादी-उशीकडे धावतात. कुशी जॉब म्हणजे आरामाची नोकरी, आणि ती कुशी निघाली आपल्या ‘खुश’मधून! (आईच्या कुशीशी तर तिचा काहीच संबंध नाही.)

सर्वांत जास्त चकवतो तो ‘ब्लाइटी’. शब्दकोशात शेजारीच ‘ब्लाइट’ असतो, म्हणजे पिकावरचा करपा. धानोऱ्यातल्या शेतकऱ्यांच्या मुलांना तो सांगावा लागत नाही. ब्लाइटी मात्र आपला ‘विलायती’. हिंदुस्थानातल्या गोऱ्या शिपायांनी तो उचलला आणि 1914 ते 1918 च्या महायुद्धात खंदकातले शिपाई मायदेशाला ब्लाइटी म्हणू लागले. घरी पाठवावं लागेल अशी जखम झाली, तर तिलाही ब्लाइटीच म्हणत. जीव वाचेल आणि घर दिसेल, म्हणून कित्येकांना ती हवीशी वाटे.

इंग्रजी कच्ची राहील या भीतीने काही पालक मुलांची उर्दू बंद करतात. मला ते पटत नाही. उर्दू येणाऱ्या मुलाला हे तीन शब्द एकदा सांगितले की ते विसरत नाही. मोठ्या शब्दकोशात अर्थानंतर शब्दाचं मूळही दिलेलं असतं. मुलांना तिथपर्यंत वाचू द्या.