भरती : खाडीची आणि पलटणीची

महाडच्या खाडीपट्ट्यात ‘भरती’ म्हटलं की दोन गोष्टी मनात येतात. एक भरती दिवसातून दोनदा येते, सावित्रीचं पाणी मचूळ करून जाते आणि होडी कधी सोडायची ते ठरवते. दुसरी भरती पलटणीची. ती घरातला एक तरणा मुलगा घेऊन जाते आणि त्याच्या बदल्यात दर महिन्याला रोख पैसा पाठवते. तुडील हे या खाडीपट्ट्यातलं गाव. देशाच्या संरक्षणावर खर्च होणारा पैसा कोकणातल्या एखाद्या चुलीपर्यंत कोणत्या वाटेने पोचतो, हे समजून घ्यायचं तर इथून सुरुवात करायला हवी. इथे तोफेचा कारखाना नाही, दारूगोळ्याचं कोठार नाही. तरीही हा मुलूख पिढ्यान्‌पिढ्या लष्कराच्या पगारावर जगत आला आहे.

सावित्री महाबळेश्वरच्या कड्यावरून निघते, पोलादपूरवरून महाडला येते आणि तिथून पुढे बाणकोटपर्यंत खाडी होऊन पसरते. तिच्या दोन्ही अंगांना जांभ्याच्या टेकड्या, उतारावर नाचणी-वरी, सखल भागात भाताची खाचरं. हिंदू, मुसलमान, बौद्ध अशा तिन्ही वस्त्या खाडीपट्ट्यात नांदतात. कुणाची माणसं मुंबईत, कुणाची आखातात, कुणाची सैन्यात. वर्षभर अर्धी घरं कुलपात असतात आणि शिमगा, गणपती, ईद आली की तीच घरं माणसांनी भरून जातात. शेतीवर वर्ष निघत नाही, हे इथलं जुनं दुखणं आहे. म्हणून बाहेर जायची वाटही जुनीच.

ही वाट लष्कराकडे कशी वळली, याचं एक कारण थेट १७५६ सालात सापडतं. त्या वर्षी पेशव्यांशी झालेल्या तहाने बाणकोटचा किल्ला आणि आसपासची काही गावं इंग्रजांच्या ताब्यात गेली. खाडीकाठचं दासगाव त्यांतलंच. बाकीचा कोकण कंपनी सरकारकडे गेला तो १८१८ मध्ये, रायगड पडल्यावर. म्हणजे साठेक वर्षं आधीपासून या खाडीच्या माणसांना कंपनीच्या पलटणीचा दरवाजा माहीत होता. मराठे, महार, मुसलमान अशा सगळ्यांतून माणसं गेली. दासगाव, महाड आणि खाडीपलीकडचं दापोली इथे पेन्शनर शिपायांच्या वस्त्याच तयार झाल्या.

त्या पगाराचं मोल कळायला त्या काळचा कोकण डोळ्यांसमोर आणावा लागतो. एकोणिसाव्या शतकात बहुतेक काळ साध्या शिपायाला महिना ७ रुपये मिळत. आज हा आकडा क्षुल्लक वाटेल. पण या भागातली जमीन खोतांची होती. कुळाने राबायचं, पिकाचा मोठा वाटा खोताच्या वाड्यावर पोचवायचा आणि उरलेल्यावर पावसाळा काढायचा, अशी ती रीत. घरात धान्य थोडंफार दिसे, रोकड जवळजवळ नसे. महारवाड्यात तर बलुतं आणि वतनाची राबणूक यापलीकडे काही नव्हतं. अशा घरात दर महिन्याला, न चुकता, सरकारी शिक्क्याचे पैसे येणं म्हणजे काय, ते विचार करून पाहावं. खोतापुढे वाकायची गरज कमी झाली. मुलीचं लग्न कर्जाशिवाय होऊ लागलं. १८८० मध्ये पोस्टाची मनिऑर्डर सुरू झाल्यावर हे पैसे थेट उंबऱ्यावर येऊ लागले. खोती कायद्याने गेली ती स्वातंत्र्यानंतर; पलटणीच्या पगाराने तिचा फास कितीतरी आधी सैल करायला सुरुवात केली होती.

पैशाबरोबर अक्षरही आलं. कंपनीच्या लष्करात शिपायांसाठी आणि त्यांच्या मुलाबाळांसाठी शाळा होत्या. ज्यांना गावच्या शाळेच्या ओट्यावरही उभं करत नसत, ती माणसं तिथे लिहायला-वाचायला शिकली. सुभेदार रामजी सकपाळ लष्करी शाळेत शिक्षक होते. त्यांचं मूळ गाव आंबडवे, खाडीपलीकडे मंडणगड तालुक्यात. त्यांच्या मुलाला, डॉ. बाबासाहेब आंबेडकरांना, शिक्षणाची जी पहिली पायरी मिळाली ती लष्करी नोकरीतून आलेल्या घराची होती. संरक्षणावरच्या खर्चाचा हिशेब मांडताना हा लाभ कुठल्या रकान्यात लिहायचा, असा प्रश्न मला नेहमी पडतो.

आणि मग हा दरवाजा बंद झाला.

ती गोष्ट तुडीलच्या शेजारची आहे. याच खाडीपट्ट्यातलं रावढळ हे गोपाळबाबा वलंगकरांचं गाव. ते लष्करातून १८८६ मध्ये निवृत्त झाले, दापोलीला राहिले आणि ‘अनार्य दोष परिहारक मंडळी’ या संस्थेमार्फत अस्पृश्यतेविरुद्ध लिहू-बोलू लागले. त्याच सुमाराला इंग्रज सेनाधिकाऱ्यांमध्ये ‘लढाऊ जाती’ नावाचं खूळ बळावत होतं. सरसेनापती लॉर्ड रॉबर्ट्स यांचा ओढा पंजाबकडे, पठाण-गुरख्यांकडे. १८९० च्या दशकाच्या सुरुवातीला महारांची भरती थांबवण्यात आली. ज्या घरांनी तीन-तीन पिढ्या पलटणीत घालवल्या, त्यांच्या पुढच्या पोराला ‘तू लढाऊ जातीचा नाहीस’ असं सांगितलं गेलं.

१८९४ मध्ये वलंगकरांनी मुंबई इलाख्याच्या सेनापतीला उद्देशून अर्ज लिहिला आणि भरती पुन्हा सुरू करण्याची मागणी केली. त्यांनी इतिहासाचे दाखले दिले, केलेली सेवा सांगितली. पण हा अर्ज पुढे गेल्याचं दिसत नाही. सही केली तर हातातली पेन्शन जाईल, ही भीती पेन्शनरांना होती, असं अभ्यासक नोंदवतात. मला या संपूर्ण कहाणीत सगळ्यात बोलका वाटतो तो हाच तपशील. काही रुपयांची पेन्शन त्या माणसांसाठी एवढी मोठी होती, की मुलांच्या हक्कासाठी सही करतानाही हात थबकला. त्यांना दोष देण्याचं मला धाडस होत नाही. दुसऱ्याच वर्षी, १८९५ मध्ये, वलंगकरांची महाड तालुका लोकल बोर्डावर नेमणूक झाली तेव्हा वरिष्ठ जातींच्या सभासदांनी त्यांच्याबरोबर बसायला हरकत घेतली. १९०० मध्ये ते गेले. भरती बंदच होती.

या बंदीने किती घरं मोडली, याचा तक्ता कुणी ठेवला नाही. पण १९ मार्च १९२७ रोजी महाडला कुलाबा जिल्हा बहिष्कृत परिषद भरली, तेव्हा अध्यक्षीय भाषणात बाबासाहेबांनी नेमका हाच विषय काढला. हा टापू एके काळी लष्करी पेन्शनरांनी गजबजलेला होता, लष्कराच्या नोकरीने अस्पृश्यांना पैसा, शिक्षण आणि अधिकाराची जागा दिली, आणि ती वाट बंद करून सरकारने या समाजाला खाली ढकललं, असा त्या मांडणीचा रोख होता. दुसऱ्या दिवशी सगळे चवदार तळ्याकडे चालत गेले. त्या परिषदेला आलेल्यांत निवृत्त शिपाई होते, शिपायांची मुलं होती. चवदार तळ्याचा सत्याग्रह आपण पाण्याच्या हक्काचा म्हणून वाचतो आणि तो तसा आहेच. त्याच्या पायाशी लष्करी पगाराने घडवलेली आणि मग त्याच पगारापासून तोडलेली एक पिढी उभी होती, हे मात्र शाळेच्या पुस्तकात सहसा येत नाही.

युद्ध आलं की बंद दरवाजे उघडतात. पहिल्या महायुद्धात, १९१७ मध्ये, १११ वी महार पलटण उभी केली गेली आणि युद्ध संपल्यावर ती मोडली. पुन्हा गरज पडली ती दुसऱ्या महायुद्धात. १ ऑक्टोबर १९४१ रोजी बेळगावला महार रेजिमेंट उभी राहिली. या वेळी ती टिकली. महाड तालुक्यातलंच एक गाव ‘फौजी आंबवडे’ म्हणून ओळखलं जातं. मंडणगडचं आंबडवे वेगळं, हे वेगळं. पहिल्या महायुद्धात या एका गावातून १११ जण गेले आणि ६ जण परतले नाहीत, अशी नोंद तिथल्या स्मारकावर आहे. शेजारच्या माणगाव तालुक्यातल्या पळसगावचे नाईक यशवंत घाडगे १० जुलै १९४४ रोजी इटलीत लढताना कामी आले, त्यांना मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. पोलादपूरच्या उमरठला तानाजी मालुसऱ्यांची समाधी आहे. शौर्याच्या या खुणा आपण अभिमानाने दाखवतो, दाखवायलाच हव्यात. पण फौजी गावाची अर्थव्यवस्था शौर्याइतकीच नियमित पगारावर, रजेवर आलेल्या माणसाने केलेल्या कौलांच्या डागडुजीवर आणि विधवेच्या पेन्शनवर उभी असते.

आता आजच्या आकड्यांकडे येऊ. केंद्र सरकारच्या माहितीनुसार २०२४–२५ मध्ये देशातलं संरक्षण उत्पादन सुमारे १ लाख ५० हजार कोटी रुपयांवर गेलं आणि निर्यात २३,६२२ कोटींवर. २०२९ पर्यंत उत्पादन ३ लाख कोटी आणि निर्यात ५० हजार कोटी करायचं उद्दिष्ट आहे. या वाढीत महाराष्ट्राचा वाटा मोठा आहे. खडकी, देहूरोड, अंबरनाथ, भुसावळ, वरणगाव, अंबाझरी, भंडारा, चांदा मिळून राज्यात १० आयुध निर्माणी आहेत. खडकीचा दारूगोळा कारखाना १८६९ चा. नाशिकजवळ ओझरला लढाऊ विमानं तयार होतात. मुंबईच्या माझगाव गोदीने १९७२ मध्ये ‘निलगिरी’ ही देशात बांधलेली पहिली मोठी युद्धनौका नौदलाला दिली. नव्या ‘निलगिरी’सह ‘सुरत’ आणि ‘वाघशीर’ या माझगावच्याच तीन नौका १५ जानेवारी २०२५ रोजी एकाच दिवशी ताफ्यात दाखल झाल्या.

या आकड्यांशेजारी आणखी एक आकडा ठेवतो. २०२५–२६ च्या अर्थसंकल्पात संरक्षणासाठी ६ लाख ८१ हजार कोटी रुपये होते. त्यांतले सुमारे १ लाख ६० हजार कोटी निव्वळ पेन्शनचे. म्हणजे देशातले सगळे शस्त्रकारखाने मिळून वर्षभरात जेवढ्या किमतीचा माल तयार करतात, साधारण तेवढीच रक्कम निवृत्त सैनिकांच्या आणि संरक्षण खात्यातल्या कर्मचाऱ्यांच्या घरी जाते. अर्थतज्ज्ञ या खर्चाकडे ओझं म्हणून बघतात. शस्त्रखरेदीला पैसा उरत नाही, हे त्यांचं म्हणणं खोटं नाही. पण कारखान्याचा पैसा कारखान्याभोवती फिरतो. खडकीत सुटलेला पगार पुण्यात खर्च होतो, ओझरचा नाशकात. पेन्शनचा पैसा मात्र तुडीलसारख्या गावी पोचतो, जिथे दुसरं कुठलंही सरकारी कंत्राट कधी पोचणार नाही. त्यातून किराणा भरला जातो, नातवाची फी जाते, घराला स्लॅब पडतो. गावातल्या दुकानदाराला विचारलं तर महिन्याच्या पहिल्या आठवड्याचं महत्त्व तो सांगेल.

म्हणूनच जून २०२२ मध्ये आलेल्या अग्निपथ योजनेचा अर्थ खाडीपट्ट्यात वेगळा लागतो. चार वर्षांची सेवा, त्यानंतर जास्तीत जास्त चौथा हिस्सा कायम, बाकीचे सुमारे ११ लाख ७१ हजारांचा सेवानिधी घेऊन परत. पेन्शन नाही. तरुण सैन्य आणि आटोक्यातला खर्च ही सरकारची कारणं आहेत, आणि सीमेवरच्या गरजा ठरवणं हे सैन्याचंच काम. पण ज्या मुलखात दीडशे-दोनशे वर्षं पेन्शन हीच खरी मिळकत होती, तिथे चोवीस-पंचवीस वर्षांचा मुलगा एकरकमी पैसे घेऊन उतरला तर पुढे काय करणार, याचं उत्तर गावाला कुणीतरी द्यायला हवं. महाडच्या औद्योगिक वसाहतीत रसायनांचे कारखाने आहेत, शस्त्रांचा नाही. लष्करात चार वर्षं यंत्रं हाताळलेल्या हाताला तिथे योग्य काम मिळेलच असं नाही.

लष्कराची दुसरी ओळखही या मुलखाला आहे. २ ऑगस्ट २०१६ च्या रात्री महाडजवळ सावित्रीवरचा जुना पूल वाहून गेला, तेव्हा गढूळ पाण्यात बुडालेल्या एसटी शोधायला नौदलाचे पाणबुडे उतरले होते. २००५ मध्ये जुई, दासगाव, रोहन, कोंडिवते इथे आणि २०२१ मध्ये तळियेला दरडी कोसळल्या, तेव्हाही गणवेशातली माणसं चिखल उपसत होती. या मदतीला पैशात मोजता येत नाही, आणि मोजूही नये.

मला मात्र तुडीलमधून परतताना एक अगदी साधी गोष्ट सुचत होती. माझगाव गोदी दरवर्षी शिकाऊ कामगार घेते. आठवी पास, दहावी पास आणि आयटीआय झालेले असे तिचे वेगवेगळे गट असतात. फिटर, वेल्डर, इलेक्ट्रिशियन, पाइप फिटर ही कामं तिथे शिकता येतात आणि शिकताना विद्यावेतन मिळतं. आयुध निर्माणींतही शिकाऊ उमेदवारांची भरती निघते. खाडीपट्ट्यातले लोक एके काळी मुंबईच्या गोदीत आणि जहाजांवर हजारोंनी होते. लोखंड आणि पाणी त्यांना परकं नाही. तरी या जाहिराती संकेतस्थळावर येतात आणि मुदत संपून जातात. सैन्यभरतीची तारीख गावागावांत पोचते, कारण ती पोचवणारी माजी सैनिकांची साखळी इथे शाबूत आहे. गोदीतल्या भरतीला तशी साखळी उरलेली नाही.

ती साखळी पुन्हा जोडायला मोठा निधी लागत नाही. वर्षातून एकदा, जाहिरात निघाली की ग्रामपंचायतीच्या फळ्यावर आणि हायस्कूलच्या नोटिशीत ती लावायची, अर्ज भरायला महाडला जाऊ इच्छिणाऱ्या चार मुलांना कुणीतरी सोबत न्यायचं. आंबवड्यापासून तुडीलपर्यंत हे करायला निवृत्त सुभेदार आणि हवालदार आहेत. त्यांना भरतीचा फॉर्म कसा भरतात ते कुणी शिकवायची गरज नाही.