अफनासी निकितिनाची पोथी व सोव्हिएट राजकारण

चौल बंदराच्या इतिहासाचीं साधनें चाळणाऱ्यांस अफनासी निकितिन हें नांव नवें नाहीं. त्वेर नगराचा हा रशियन व्यापारी एक घोडा घेऊन चौलास उतरला व पालीवरून जुन्नरास गेला. त्याच्या आगमनाचें वर्ष पूर्वीं १४६९ धरीत. सेम्योनोव यांच्या कालगणनेप्रमाणें तें १४७१ ठरतें. वृत्तान्ताची ऐतिहासिक योग्यता वाचकांस विदितच आहे. प्रस्तुत लेखाचा विषय निराळा आहे. साम्यवादी राज्यानें ही पोथी आपलीशी केली, तेव्हां तिच्यांतील काय पुढें आलें व काय मागें राहिलें, एवढेंच येथें पाहावयाचें आहे.

निकितिन परततांना स्मोलेन्स्कच्या अलीकडेच वारला. त्याचीं टिपणें व्यापाऱ्यांनीं मॉस्कोस नेऊन मामिरेव्ह या राजलेखकाच्या स्वाधीन केलीं, व पुढें तीं रशियन बखरींत उतरलीं. मूळ हस्तलेख नष्ट झाला. हातीं आहेत त्या नकला, व त्या एकमेकींशीं सर्वत्र जुळत नाहींत. त्रोइत्स्क मठांतील नक्कल करमझिन या इतिहासकारास सांपडली. ग्रंथ प्रथम १८२१ मध्यें छापला गेला आणि १८५७ मध्यें हॅक्लुट सोसायटीनें इंग्रजी भाषांतर काढलें.

आतां सोव्हिएट काळाकडे वळूं. १४ ऑगस्ट १९४६ रोजीं पक्षाच्या मध्यवर्ती समितीनें लेनिनग्राडच्या दोन मासिकांवर ठराव केला. कवयित्री आख्मातोवा व लेखक झोश्चेन्को यांना लेखकसंघांतून काढून टाकण्यांत आलें. दोनच वर्षांनीं, १९४८ मध्यें, राज्याच्या विज्ञान-अकादमीनें प्राचीन ग्रंथांची एक माला सुरू केली. तिचें पहिलें पुष्प निकितिनाचा प्रवास. हयात लेखकांची मुस्कटदाबी करणाऱ्या सत्तेला मृत व्यापारी मात्र निरुपद्रवी वाटला असावा. तथापि ग्रेकोव व आद्रियानोवा-पेरेत्स यांनीं सिद्ध केलेलें हें संस्करण राजकारणाच्या सावलींत निघालें म्हणून त्याज्य मानणें अन्यायाचें होईल. काम पंडिताचें आहे.

राजकारण खरें पुढें आलें तें १९५५ पासून. त्या वर्षीं त्वेर येथें (तेव्हां त्याचें नांव कालिनिन होतें) निकितिनाचा पुतळा उभा राहिला, व वर्षाखेरीस बुल्गानिन आणि क्रुश्चेव्ह हिंदुस्थानांत आले. १९५७ मध्यें ख्वाजा अहमद अब्बास व प्रोनिन यांनीं ‘परदेसी’ हा बोलपट काढला. त्यांतील चंपा ही नायिका केवळ पटकथेची निर्मिति. वृत्तान्तांत तिचा पत्ता नाहीं. वास्को द गामाच्या सुमारें तीस वर्षें अगोदर रशियन मनुष्य या देशीं आला, हा मुद्दा खरा आहे. परंतु त्यावरून त्याला पहिला युरोपीय ठरवूं लागल्यास निकोलो काँटी आड येतो.

खेड्यांतील रयत अति दरिद्री व सरदार अति श्रीमंत, हें निकितिनाचें निरीक्षण साम्यवादी इतिहासदृष्टीस सोयीचें होतें. अडचण होती ती धर्माची. जुन्नरच्या असदखानानें त्याचा घोडा हिसकावून, इस्लाम स्वीकारल्यास तो परत देऊं, शिवाय सहस्र सुवर्णनाणीं देऊं, असें सांगून चार दिवसांची मुदत दिली. खोरासानच्या एका ख्वाजानें मध्यस्थी केली म्हणून तो सुटला. पण ग्रंथाचा शेवट अरबी, फारसी व तुर्की मिश्रित प्रार्थनेनें होतो, आणि तिचें वळण मुसलमानी आहे. तो बाटला कीं नाहीं, हा वाद अजून मिटलेला नाहीं. आपल्याच देशांतील सरदार न्यायी नाहींत, हेंही त्यानें रशियन सोडून तुर्कीतच लिहून ठेवलें आहे! हे तुर्की भाग वगळून वाचल्यास मागें केवळ देशभक्त प्रवासी उरतो.

सुदैवानें १९८६ च्या संस्करणांत लुरिए व सेम्योनोव यांनीं श्रद्धेच्या या प्रश्नाचा मोकळेपणीं ऊहापोह केला. तेव्हां राज्य अद्याप सोव्हिएटच होतें. आपल्याकडील लेखक अजून बहुधा १८५७ च्या इंग्रजीवरच विसंबतात, त्यांनीं तें या संस्करणाशीं ताडून पाहावें. रेवदंडा येथील निकितिनाचा स्मारकस्तंभ २००२ सालचा, म्हणजे सोव्हिएट राज्य लयास गेल्यावर अकरा वर्षांनीं उभारलेला आहे.