रोव्हर्स चषक

मुंबई येथे भरविण्यात येणारी अखिल भारतीय स्वरूपाची एक जुनी फुटबॉल स्पर्धा. १८९१ मध्ये तिचा प्रारंभ झाला आणि मधले काही खंड वगळता एकविसाव्या शतकाच्या प्रारंभापर्यंत ती चालू होती. सिमला येथील ड्युरँड स्पर्धा (१८८८) व कलकत्त्यातील ट्रेड्स चषक स्पर्धा (१८८९) यांच्या खालोखाल भारतातील ही सर्वांत जुनी फुटबॉल स्पर्धा होय. मुंबईतील फुटबॉलप्रेमी ब्रिटिशांनी ती सुरू केली. पुढे कूपरेज मैदान हे तिचे प्रमुख केंद्र बनले.

पार्श्वभूमी : इंग्लंडमध्ये १८६३ साली फुटबॉल असोसिएशनची स्थापना होऊन खेळाचे नियम निश्चित झाले व १८७१–७२ च्या हंगामापासून तेथे बाद पद्धतीची चषक स्पर्धा सुरू झाली. ब्रिटिश सैनिक, अधिकारी, व्यापारी व शिक्षक यांनी हा खेळ भारतात आणला. बंगालमध्ये तो लवकरच शाळा-महाविद्यालयांच्या अंगणात पोहोचला. नगेंद्रप्रसाद सर्वाधिकारी यांनी कलकत्त्याच्या हेअर स्कूलमध्ये विद्यार्थी असतानाच १८७७ च्या सुमारास सवंगड्यांना जमवून खेळास आरंभ केला. या विद्यार्थिवर्गातूनच पुढे भारतीयांचे क्लब उभे राहिले. त्यांपैकी शोभाबझार क्लबने १८९२ मध्ये ट्रेड्स चषक स्पर्धेत ईस्ट सरे रेजिमेंटचा पराभव केला, तर मोहन बागानने २९ जुलै १९११ रोजी ईस्ट यॉर्कशर रेजिमेंटला २–१ असे नमवून आय. एफ. ए. शील्ड जिंकली.

मुंबईत परिस्थिती निराळी होती. येथील पारशी तरुणांनी १८४८ मध्येच ओरिएंटल क्रिकेट क्लब स्थापन केला होता. १८९२ पासून यूरोपीय व पारशी यांचे प्रेसिडेन्सी सामने होऊ लागले. १९०७ मध्ये हिंदू व १९१२ मध्ये मुस्लिम संघ त्यांत आल्यावर स्पर्धा चौरंगी झाली. सुशिक्षित तरुणांचा ओढा, जिमखान्यांचा पैसा आणि प्रेक्षकांची गर्दी ही सर्व क्रिकेटकडे वळली. परिणामी फुटबॉलचा पहिला आश्रयदाता महाविद्यालय न होता लष्करी छावणी झाली. रोव्हर्स चषकाच्या प्रारंभीच्या इतिहासाचा उलगडा या एका गोष्टीने बराचसा होतो.

लष्करी संघांचे वर्चस्व : पहिल्या वर्षीचा चषक वुस्टरशर रेजिमेंटच्या पहिल्या पलटणीने जिंकला आणि त्यानंतर १९३६ पर्यंत तो ब्रिटिश लष्करी संघांकडेच राहिला. पलटणीचे खेळाडू बारमाही एकत्र राहात व एकाच शिस्तीत कसरत करीत. त्यांना मैदान, बूट व रजा यांची विवंचना नसे. याउलट भारतीय खेळाडू नोकरी वा शिक्षण सांभाळून खेळत आणि पुष्कळदा अनवाणी खेळत. कोरड्या मैदानावर अनवाणी खेळाडूचे चापल्य उपयोगी पडे. परंतु पावसाने मैदान निसरडे झाले म्हणजे बूट घातलेल्या प्रतिस्पर्ध्यापुढे त्याचा टिकाव लागणे कठीण होई. तथापि लष्करी संघांच्या बळातच त्यांची मर्यादाही होती. पलटणीची बदली झाली, की संघही शहर सोडून जाई. त्यामुळे विजेते होत राहिले, पण त्यांच्या मागे स्थानिक परंपरा उरली नाही.

संघटना : १९०२ मध्ये मुंबईत हारवुड लीग ही साखळी पद्धतीची स्पर्धा सुरू झाली. बाद पद्धतीत एका पराभवाने संघाचा हंगाम संपतो. साखळीमुळे लहान संघांनाही हंगामभर सामने मिळू लागले. १९११ मध्ये वेस्टर्न इंडिया फुटबॉल असोसिएशन स्थापन झाल्यावर या खेळाचा कारभार एका मध्यवर्ती संस्थेकडे आला. पहिल्या महायुद्धाच्या काळात पलटणी रणभूमीवर गेल्याने रोव्हर्स स्पर्धेत खंड पडला.

भारतीय संघांचा उदय : १९२३ मध्ये मोहन बागान संघास स्पर्धेचे निमंत्रण मिळाले. भारतीय नागरी संघाला लाभलेला हा पहिलाच असा मान होता. अनवाणी खेळणारा विख्यात बचावपटू गोष्ठ पाल हा त्या काळी या संघाचा आधारस्तंभ होता. संघाने अंतिम फेरी गाठली. परंतु तीत डरहॅम लाइट इन्फन्ट्रीने त्याचा ४–१ असा पराभव केला. चषक हुकला, तरी लष्करी संघांच्या या स्पर्धेत भारतीय संघ शेवटच्या सामन्यापर्यंत पोहोचू शकतो, हे मुंबईच्या प्रेक्षकांनी पाहिले. त्यानंतर चौदा वर्षांनी, १९३७ मध्ये, बंगलोर मुस्लिम्स हा रोव्हर्स चषक जिंकणारा पहिला भारतीय नागरी संघ ठरला. पुढच्याच वर्षी त्याने चषक राखला, तर १९४० मध्ये कलकत्त्याच्या मोहमेडन स्पोर्टिंगने तो पटकाविला.

स्वातंत्र्योत्तर काळात सय्यद अब्दुल रहीम यांनी घडविलेल्या हैदराबाद सिटी पोलीस संघाने १९५० ते १९५४ अशी सलग पाच वर्षे विजेतेपद मिळविले. रहीम हेच १९५१ व १९६२ च्या आशियाई क्रीडासामन्यांत सुवर्णपदक मिळविणाऱ्या भारतीय संघाचे मार्गदर्शक होते. मुंबईच्या कॅल्टेक्स संघाने १९५८ मध्ये चषक जिंकला. या शहरात महाविद्यालयांपेक्षा कंपन्या व गिरण्या याच फुटबॉलपटूंच्या पोशिंद्या ठरल्या, हे टाटा स्पोर्ट्‌स क्लब, मफतलाल, ऑर्के मिल्स यांसारख्या संघांच्या नावांवरूनही दिसते. खेळाडूला नोकरीची शाश्वती मिळाल्याने दर्जा उंचावला. मात्र आश्रयदात्याचे धोरण वा व्यवसाय बदलला, की संघही विरून जाई. छावणीच्या काळातील उणीव अशा प्रकारे निराळ्या रूपाने टिकून राहिली.

राष्ट्रीय साखळी स्पर्धेचा १९९६ मध्ये प्रारंभ झाल्यानंतर जुन्या बाद पद्धतीच्या स्पर्धांचे महत्त्व घटत गेले आणि रोव्हर्स चषकाची परंपराही पुढे खंडित झाली. लष्करी मक्तेदारीपासून भारतीय खेळाडूंच्या स्वतंत्र कर्तृत्वापर्यंतचा प्रवास नोंदविणारी स्पर्धा म्हणून तिचे ऐतिहासिक महत्त्व मोठे आहे.