एलियाहूच्या नावाचे पोहे

मलिद्याचं ताट अगदी कोकणातलं दिसतं. भिजवलेले पोहे, गूळ किंवा साखर, खवलेला नारळ, वेलची, सुकामेवा आणि भोवती फळं. पण ताटाभोवतीची माणसं हिब्रूत प्रार्थना म्हणत असतात, आणि ताट असतं बायबलमधल्या संदेष्ट्याच्या, एलियाहू हन्नाबीच्या नावाचं. साखरपुडा ठरला, नवं घर झालं, कुणी आजारातून उठलं की कोकणातल्या ज्यूंच्या, म्हणजे बेने इस्रायलींच्या घरात मलिदा होतो.

त्यातल्या केळ्याचीच गंमत पाहा. ज्यू धर्मशास्त्रात झाडाच्या फळाची प्रार्थना वेगळी आणि भुईतून उगवणाऱ्या फळाची वेगळी. केळीचं खोड घड देऊन मरतं, म्हणून केळं दुसऱ्या गटात! वनस्पतीशास्त्रही केळीला झाड मानत नाही.

या समाजाची परंपरा सांगते, की अलिबागजवळ नवगावला गलबत फुटलं आणि त्यातून सात जोडपी वाचली. त्यांचे वंशज तेलाचे घाणे चालवू लागले. शनिवारी घाणा बंद, म्हणून ते झाले ‘शनिवार तेली’. बायबलमधला एलियाहू अग्निरथातून स्वर्गात जातो. तो कोकणातही आला होता, आणि अलिबागजवळच्या खंडाळ्याच्या खडकावर त्याच्या घोड्याच्या टापांच्या, रथाच्या चाकांच्या खुणा आहेत, अशी त्यांची श्रद्धा.

1948 नंतर हजारो बेने इस्रायली इस्रायलला गेले. पिढ्यान्‌पिढ्या प्रार्थनेत ज्याचं नाव घेतलं तो देश! काहींचं तिथं मन रमलं नाही, ते परतलेही. जे राहिले त्यांच्या लग्नांच्या वेळी तिथल्या धर्मपीठाने वंशाची चौकशी लावली. हे खरे ज्यू का, असा संशय. त्याविरुद्ध 1964 साली मोठं आंदोलन झालं आणि धर्मपीठाला नमतं घ्यावं लागलं.

या सगळ्यातून मलिदा टिकला, पण त्याचं काम उलटं झालं. रायगडात तो त्यांना शेजारच्या हिंदू-मुसलमानांपासून वेगळं, ज्यू ठरवत होता. इस्रायलमधल्या दिमोना, अश्दोदमध्ये तोच त्यांना इतर ज्यूंपासून वेगळं, कोकणी ठरवतो. पोहे तेच, नारळ तोच. एखादं माणूस कुठलं, हे बरंचसं शेजारी कोण आहेत यावर ठरतं की काय, असं वाटून जातं.

हैफाला कार्मेल डोंगराच्या पायथ्याशी एलियाहूची गुहा आहे. बेने इस्रायली तिथंही जातात. पण म्हणून काही खंडाळा सुटलेला नाही: इस्रायलहून कोकणात आलेल्या कुटुंबांची वाट त्या खडकाकडेही वळते. एकाच संदेष्ट्याची ही दोन ठिकाणं, आणि त्यांतलं खरं कुठलं हे ठरवायची कुणाला घाई नाही.